ती टाळी
सिनेमात पावलं वाजतात, बांगड्या किणकिणतात, ते आवाज बरेचदा शूटिंगचे नसतातच. मागाहून आम्ही अंधेरीच्या स्टुडिओत काढतो. पडद्यावर तृतीयपंथी आला की दिग्दर्शकाला टाळी हवीच. बोटं ताठ, तळवे आडवे, फाट्! लोक हसतात. माझी टाळी इतकी हुकमी की दुसऱ्या स्टुडिओतूनही बोलावणं यायचं. खोटं कशाला बोलू, मला त्याचा अभिमान होता.

दोन वर्षांपूर्वी एका सिनेमात तृतीयपंथी बाईच घेतली. बँकेतल्या क्लार्कचं काम. डबिंगला आली तेव्हा चहाला माझ्या शेजारी बसली. दोघींचं गाव मालवणकडचं निघालं, मग काय, जमलंच. माझी टाळी ऐकून म्हणाली, "अगं बाई, हुबेहूब!" मग म्हणाली, "पण ताई, या पिक्चरमध्ये मी टाळी वाजवत नाही हां. आईला दाखवणार आहे."

तिने घर सोडलं तेव्हा आईने बजावलं होतं, टाळ्या वाजवत फिरलास तर तोंड दाखवू नकोस. अधूनमधून फोन व्हायचा, पण आईच्या तोंडी कायम 'रे'. मालवणीत मुलाला रे, मुलीला गो. त्या एका 'गो'साठी हिचा जीव टांगणीला लागलेला.

आठवड्याने दिग्दर्शकाने तिचा प्रसंग लावला. साहेबाशी भांडून ती केबिनबाहेर जाते, पाठमोरी.

"इथे एक टाळी टाक ना."

"अहो, बँकेत कोण टाळी वाजवतं? आणि ती वाजवतही नाहीये."

"पाठमोरी आहे, कोणाला दिसतंय? पब्लिकला मजा यायला नको?"

कर्म माझं! चिडले, बडबडले, आणि हात पुढे केले. एका टेकमध्ये ओके. तिला फोन करून सांगायला हवं होतं. आज करू, उद्या करू म्हणत नाही केला.

कांदिवलीच्या थिएटरात तिने मलाही बोलावलं. मधे ती, एकीकडे आई, एकीकडे मी. आई आधी ताठ बसली होती. पडद्यावर लेक एका म्हाताऱ्याला फॉर्म भरून देत होती, ते बघताना तिने पदराने डोळे पुसले. मग पिशवीतली बाटली काढून हळूच म्हणाली, "पाणी व्हया गो?"

लेकीने माझा हात गच्च दाबला. पुढचा प्रसंग मला पाठ होता.

फाट्! अख्खं थिएटर खदखदलं.

आईने बाटली परत घेतली, पिशवीत टाकली आणि उठली. "मी जातंय रे."

"आये, ती टाळी माझी नाय," ती म्हणाली. बोलत आईशी होती, बघत होती माझ्या हातांकडे.