अण्णांसाठी बोलावलेलं भजनी मंडळ

मला एक सांगा, माणसानं भरवसा ठेवावा तरी कुणावर? डॉक्टरवर, मोबाइलवर, की सख्ख्या धाकट्या भावावर? घाई नको, आधी ऐका. आमच्या अण्णांनी तिघांवरही ठेवून पाहिला. त्यातल्या तिसऱ्यानं, म्हणजे अस्मादिकांनी, जे काय करून ठेवलं ते सांगताना अजून माझे कान गरम होतात.

धंदा माझा द्राक्षाच्या खोक्यांचा. दिंडोरी रोडला गोडाऊन, वर घर. शाळा सातवीपर्यंत, पुढचं गिऱ्हाईकांनी शिकवलं. अण्णा माझे थोरले भाऊ, राहायला विंचूरला. गावच्या भजनी मंडळात उभा जन्म मृदंग वाजवला, आणि नेमक्या त्याच हातांना कंपवात झाला. हात थरथरतात ते एक वेळ चालवून घेता येतं हो. पण पाय चिकटतात! उंबऱ्याशी आले की खिळे ठोकल्यासारखे उभे. डोकं म्हणतं चल, पाय म्हणतात तू कोण सांगणारा?

इलाज करायला नाशिकला आणलं, तर इथं बाथरूमच्या दारात पडले. हाड वाचलं, हिंमत मोडली. भिंतीकडं तोंड करून निजले. "उठवू नको रे मला आता. बास झालं." डॉक्टरांनी मला जिन्यात नेऊन सांगितलं, "असेच पडून राहिले तर अंग आखडेल, छातीत कफ धरेल. मग ते उठायचे नाहीत." जिन्यात सांगितलेली गोष्ट कधी चांगली असते का?

मग फिजिओथेरपीवाल्या मॅडम यायला लागल्या. मॅडम कसल्या, माझ्या मुलीच्या वयाची पोर. तिनं अण्णांना उभं केलं, दारापर्यंत आणलं. पाय चिकटले. तिनं मोबाइलवर संथ ठेक्याचं एक गाणं लावलं आणि मांडीवर ताल धरला. काय सांगू तुम्हाला! अण्णांचा उजवा पाय उचलला. मग डावा. उंबरा ओलांडून माणूस गॅलरीत!

"काका, चालायचा हुकूम डोक्यातून पायापर्यंत पोचत नाही," ती म्हणाली. "ताल मात्र दुसऱ्या वाटेनं पोचतो. हमरस्ता बंद असला की आपण गल्लीतून गाडी काढतो ना, तसं. रोज थोडं चालवा. त्यांच्या आवडीचा, संथ ताल. आणि तुम्हीही सोबत चाला. बीपी, साखर, पोट, सगळंच आहे तुमच्याकडं."

"चालतो ना!" मी म्हणालो. आणि दर खेपेला तिनं विचारलं की हेच म्हणायचो. प्रत्यक्षात अण्णा चालायचे, मी खुर्चीत बसून टाळी द्यायचो. टाळी देणं हा काय व्यायाम नाही?

बरं चाललं होतं. पण एके दिवशी अण्णांचा पाय हवेत आणि गाणं थांबून जाहिरात सुरू! बनियनची! ताल गेला, पाय वरच राहिला. मी खुर्चीतून उठेस्तोवर अण्णा भिंत धरून खाली घसरले होते. लागलं नाही, पण डोळ्यांत पाणी आलं त्यांच्या.

"उभा जन्म मी लोकांना ताल दिला," ते म्हणाले. "आता ह्या डबड्याच्या तालावर नाचवतो व्हय मला? त्यापेक्षा खाटंवर मरतो."

पुन्हा भिंतीकडं तोंड. या खेपेला जेवणही बंद. मॅडमनं समजावलं, माझ्या बायकोनं, सुमननं, हात जोडले. अंग आखडायला लागलेलं दिसत होतं. मला मनातून कळलं, हा माणूस चालला.

आता माझं व्यापारी डोकं बघा. किरकोळ मालानं काम होत नाही ना? मग ठोक आणू! डबड्याचा ताल नको तर खरा ताल, अण्णांचं स्वतःचं मंडळ. लगेच विंचूरला बाबूरावांना फोन लावला. अण्णांचे जिवलग, आता मृदंग तेच वाजवतात. मला फोनवर लांबण लावायची सवय नाही.

"बाबूराव, उद्या पहाटेच मंडळ घेऊन या नाशिकला. अण्णांसाठी. टाळ-मृदंग सगळं घ्या."

पलीकडून दबका आवाज. "येतो दादा. तू खचू नको."

केवढा समजूतदार माणूस! मी फोन ठेवला आणि निवांत झोपलो.

तुमच्या आलं ध्यानात? माझ्या नाही आलं! आमच्याकडं म्हाताऱ्या माणसासाठी पहाटे मंडळ बोलावलं की कुणी दुसरा प्रश्न विचारत नाही. विचारायचा नसतो. मंडळानं पुढं भजन म्हणत चालायचं, बाकीच्यांनी मागं. हे मला लहानपणापासून माहीत. पण डोक्यात ठोक माल भरलेला!

सकाळी खाली पिकअप थांबली. मागं एक जीप, तिच्यामागं आणखी एक. पांढऱ्या टोप्या घातलेले लोक खाली मान घालून उतरले. मी म्हटलं, शहरात आलेत, लाजत असतील. बाबूरावांनी जिन्यात येऊन मला मिठीच मारली.

"लय सोसलं रं त्यांनी."

"सोसलं हो," मी म्हणालो. माझेही डोळे भरले. "आत माझा मुलगा आंघोळ घालतोय. झाली की बाहेर आणू, मग तुम्ही सुरू करा."

बाबूरावांनी टोपी काढून डोळे पुसले. तेवढ्यात इगतपुरीहून आमची आक्का आली, कुणीतरी तिलाही कळवलेलं. रिक्षातूनच तिनं हंबरडा फोडला. "माझ्या अण्णाऽऽ, न भेटता गेलास रं!"

अख्खी गल्ली गॅलरीत. आणि तेव्हा मला पिकअपच्या टपावर बांधलेले बांबू दिसले. पाटीभर हार दिसले. शहरात बांबू वेळेवर मिळत नाहीत म्हणून बिचाऱ्यांनी गावाहूनच आणले होते!

माझ्या पायाखालचा जिना सरकला. तोंड उघडतो तोच मागं दार वाजलं. हंबरडा ऐकून, मुलाच्या आणि सुमनच्या खांद्यावर हात टाकून अण्णा उंबऱ्याशी उभे. न्हाऊ घातलेले, स्वच्छ धोतर. आक्काचा आवाज मधेच बंद पडला. कुणाच्या तरी हातातले टाळ खाली पडले.

अण्णांनी टोप्या पाहिल्या, हार पाहिले, बांबू पाहिले.

"कोन गेलं?"

बाबूराव पुढं होऊन अण्णांचे पाय चाचपायला लागले, खरे आहेत का बघायला. अण्णांची नजर सावकाश माझ्यावर येऊन थांबली. त्या नजरेपेक्षा तिरडी बरी, अशी ती नजर होती.

"ह्यानं बोलावलं व्हय तुम्हाला?"

"तुम्हाला चालवायला बोलावलं हो अण्णा," मी कसाबसा म्हणालो. "तालावर."

सगळे माझ्याकडं बघत राहिले. आक्कानं तर चप्पलच काढली होती. पण अण्णांच्या ओठाचा कोपरा हलला. कित्येक दिवसांनी.

"बाबू, आलाच हायेस तर वाजव. पर गडबडीचं नको. माणूस नेताना वाजवतो, तसं संथ."

बाबूरावांचे हात कापत होते, अण्णांपेक्षा जास्त. मृदंगावर थाप पडली. टाळ लागले. आणि अण्णांचा पाय उचलला! उंबरा ओलांडला, एकेक करत जिना उतरले, रस्त्याला लागले. पुढं मंडळ, मधे अण्णा, मागं रडून डोळे सुजलेला सगळा गाव. बांबू तेवढे गाडीवर.

एका स्कूटरवाल्यानं गाडी बाजूला घेऊन हात जोडले. "कोण गेलं हो?"

"मीच," अण्णा म्हणाले, आणि ताल न चुकवता पुढं गेले.

मी? मी मोठ्या तोऱ्यात त्यांच्या बाजूनं निघालो होतो. कोपऱ्यावरच्या किराणा दुकानापर्यंतच पोचलो. छाती भात्यासारखी चालायला लागली, डोळ्यांपुढं काजवे. पायरीवर बसलो तो बसलोच. दोघांनी बगलेत धरलं, कुणी पाणी शिंपडलं. नेमक्या तेव्हाच मॅडमची गाडी येऊन थांबली.

"काका, तुम्ही तर रोज चालत होता ना?"

मी तोंडावरचं पाणी पुसत बसलो. तोवर अण्णा चौकातून वळून परत आले होते. पाटीतला एक हार त्यांनी थरथरत्या हातानं उचलला आणि माझ्या गळ्यात घातला.

"राहू दे. आणलेला माल वाया जाऊ नाय."

अख्खी अंत्ययात्रा हसली. मलाही हसावं लागलं, दम नव्हता तरी.

खोटं सांगत नाही, अण्णा बरे झालेले नाहीत. तो आजार बरा होत नाही. आता घास त्यांना भरवावा लागतो. पण बाबूरावांनी त्यांच्यासाठी मृदंग वाजवून मोबाइलवर भरून दिलाय, मधे बनियन येत नाही. त्यावर रोज सकाळी अण्णा गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन येतात. आणि मी त्यांच्या मागं, धापा टाकत. बांबू अजून आमच्या गच्चीवर आहेत. परत पाठवू म्हटलं तर अण्णा पाठवू देत नाहीत. माझ्या पोटाकडं बघून म्हणतात, "लागतीलच की. कुनाला आधी, तेवढंच बघायचं."

तेव्हा चहा संपवा आणि माझं एवढं ऐका. आज किती चाललात याचा हिशेब डॉक्टरला वाटेल तो द्या, पण स्वतःपाशी तरी खरा ठेवा.