आईच्या उशीवरचा डाग

आईच्या उशीच्या अभ्र्यावर तिनं हातानं भरलेला मोर होता, मान मागे वळवलेला. केशोरी गावच्या माहेरच्या घरातून मी मागून घेतलेली ती एकच वस्तू. लेकीच्या हळदीच्या ब्लाऊजवर तोच मोर काढायचा, हे आई गेली त्याच वर्षी मी ठरवून टाकलं होतं.

भरतकामाचं मशीन घरी होतंच, पण मशीनला मोर कळत नाही. त्याला कॉम्प्युटरवर आखलेली टाक्यांची फाइल लागते. ती विद्या मी सत्तेचाळिसाव्या वर्षी शिकायला बसले. पहिला मोर बदक झाला. दुसऱ्याला इतके दाट टाके दिले की कापड पुठ्ठ्यासारखं ताठ झालं आणि सुई तुटली. नवरा म्हणाला, "फेकू नको, भांडी घासायला होते."

शेवटी हरून मी फोटोवरून आपोआप टाके पाडणारं बटण दाबलं. त्या सॉफ्टवेअरनं अभ्र्यावरचा आईच्या केसांच्या तेलाचा डागसुद्धा नक्षी समजून मोराच्या डोक्यावर तपकिरी रंगात भरून टाकला. आधी हसले. मग पुसायला गेले, तर हात थांबला. बाकी मोर टाका टाका करून सुधारला, डाग ठेवला. फाइलला नाव दिलं 'आई'.

गोंदियाहून धाकटी बहीण आली. तिनं पाहिलं, डोळे पुसले. "मले दे ना बाई एक. माझ्या उशीवर काढीन. घराबाहेर नाही जाणार." दिली. पेन ड्राइव्हसुद्धा माझाच, नवाकोरा.

हळदीच्या दिवशी लेक पाटावर बसली आणि बहिणीच्या सासरची गाडी आली. चार बायका उतरल्या. चौघींच्या पाठीवर मोर. मान मागे. डोक्यावर तपकिरी डाग.

मोर काय, कुणाचाही असेल, अशी मी मनाची समजूत घातलीही असती. पण डाग?

लेकीला पाहून एकीनं टाळीच वाजवली. "अरे, तुमने भी मोर-बादल लिया? दुकान में यही सबसे ज्यादा चल रहा है!"

लेकीनं माझ्याकडे पाहिलं. मी हळदीच्या वाटीकडे.

बहिणीला मागच्या अंगणात गाठलं. "दुकानात काऊन दिली?"

"नणंदेचं दुकान आहे, नाही कशी म्हणू? अन् तू कायले एवढी रागावून राहिली? आई माझीबी होती."

मी एवढंच विचारलं, "बादल कोण म्हणालं?"

"मीच. नणंदेनं विचारलं, हे वर काय आहे? मी म्हटलं, ढग." मग मलाच, "ढगच आहे ना, बाई?"

ती खरंच विचारत होती. मी "हो" म्हटलं आणि आत गेले.

धाकटी म्हणून त्या उशीवर, आईच्या कुशीत, कितीतरी वर्षं तीच झोपायची. मी पायथ्याशी. तिथून उशीवरचा डाग चांगला दिसायचा.