अण्णांचा रिकामा कॅमेरा

कलकत्त्याला कॅमेऱ्याचं शिक्षण घेऊन मी तळोद्याला परतले, तेव्हा वाटलं होतं, झिपरूअण्णांकडे प्रकाशाची शाळाच असेल. मुंबईच्या स्टुडिओत वीस वर्षं कॅमेरा चालवलेला माणूस! सापडली एक ओलसर खोली, किल्ली भरून चालणारा जुना कॅमेरा आणि सरकारी माहितीपटांची कामं. किस्से मात्र त्या खोलीत फिल्मच्या रिकाम्या डब्यांसारखे साचत गेले.

*

पहिल्याच दिवशी मी चंदेरी पत्र्याने एका म्हाताऱ्यावर ऊन पाडलं. अण्णा खेकसले, "माय, तो सावलीमा बठेल शे. बठू दे ना त्याले!"

अण्णांची सगळी कला एवढीच. उजेड बाजूने, दारातून येईल तेवढाच. अर्धा चेहरा अंधाराचा.

*

मुंबईचा स्टुडिओ सुटला तो यामुळेच. नायिकेचा अर्धा चेहरा सावलीत पाहून निर्माता ओरडला, "मी पूर्ण चेहऱ्याचे पैसे दिलेत!"

अण्णांनी त्याच दिवशी ट्रंक बांधली.

*

इथल्या सरकारी साहेबांनी स्वतःला पडद्यावर पाहिलं. "मी इतका थकलेला का दिसतो?"

अण्णा म्हणाले, "साहेब, भाषण लांबलं होतं."

*

फिल्म मोजकीच मिळायची. डोंगरातल्या काठी गावच्या होळीला तर जो तो कॅमेऱ्यापुढे उभा! अण्णांना नाही म्हणवेना. ते फिल्म काढून ठेवत, किल्ली भरत आणि रिकामा कॅमेरा घर्रकन फिरवत. लोक खूश.

"अण्णा, ही फसवणूक आहे!"

"त्यासनाकडे कोन इतलं ध्यान दीसन देखस, माय?"

मी तावातावाने भांडले. दुसऱ्या दिवशी गर्दी वाढली, तेव्हा किल्ली मीच भरत होते.

*

पावसाळा सरल्यावर डोंगरातून चालत बिज्या आला. होळीत त्याची बायको कॅमेऱ्यापुढे हसली होती. श्रावणात ती तापाने गेली.

"माझी बाई मशीनमध्ये हाय," तो म्हणाला. "दाखव."

तिच्या वेळी किल्ली मी भरली होती; डोळा अण्णांनी लावला होता.

अण्णांनी दार ओढून घेतलं, एक फट ठेवली. बिज्याला कोऱ्या भिंतीसमोर बसवलं. स्वतः शेजारी बसले आणि भिंतीकडे बघत सावकाश बोलू लागले.

"उजेड डावीकडून. कानातलं चमकतंय. तोंडावर हात. आता हात खाली आला... हसली. मागून बकरी गेली. मान वळवून तिच्याकडे बघतेय..."

बिज्याची नजर भिंतीवरून हलली नाही. "हां. तशीच."

जरा वेळाने म्हणाला, "परत लाव."

अण्णांनी परत सुरू केलं. बकरी बरोबर त्याच जागी आली.

निघताना बिज्या दारात थांबला. "घरी आई हाय. तिलाबी मशीनमध्ये ठेव."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी फळीवरचा फिल्मचा शेवटचा भरलेला डबा उचलला. साहेबांच्या उद्घाटनासाठी राखलेला. ठरवलं, हा बिज्याच्या पाड्यावर न्यायचा.

उद्घाटनालाही कॅमेरा येईलच. किल्ली मी पूर्ण भरेन.