जिथं माणूस नाही, तिथं दिवा नाही

भुताखेतांच्या गप्पांना मी जन्मभर हसत आलो. अजूनही हसतो... फक्त खोपोलीचा विषय निघाला की जरा उजेडात सरकून बसतो!

आमच्या आक्काचे यजमान खोपोलीच्या वीजघरात कारकून. राहायला क्वार्टर, आणि क्वार्टरात चक्क विजेचे दिवे! आम्ही कर्जतवाले तेव्हा रॉकेलच्या चिमण्या पुसत होतो. पण बिल पडतं स्वतःच्या खिशातून, म्हणून भावोजींनी घरात कायदाच केला — जिथं माणूस नाही, तिथं दिवा नाही. आक्का चुलीपासून उठून मोरीकडे वळली की मागे टक्! खटका बंद. "मी संसार नाही रे करत, आंधळी कोशिंबीर खेळते," असं ती म्हणायची.

मग त्यांना मोठं क्वार्टर मिळालं. सामान हलवायला मी गेलो. तिथल्या आधीच्या बिऱ्हाडातली म्हातारी नुकतीच वारली होती, आणि दहावा व्हायच्या आतच मुलाची बदली झाली होती. माणूस गेलं त्या जागी दहा दिवस दिवा ठेवायचा, ही रीत. पण मागे तेल घालायला कोण राहणार? म्हणून त्याने मागच्या खोलीतला विजेचा गोळाच जळता ठेवला होता. किल्ली देताना म्हणाला, "सायेब, दहाव्यापत्तुर तेवढा मालवू नका. म्हातारीला अंधाराची लई धास्ती."

"बरं, बरं," भावोजी म्हणाले. त्याची बैलगाडी वळते न वळते तोच — टक्!

"अहो, आत्ताच शब्द दिलात ना?" आक्का म्हणाली.

"त्या खोलीत माणूस आहे का? नाही ना? मग!"

तेवढ्यात त्या अंधारातून आवाज आला. म्हातारीचा, अगदी साधा.

"मी हाय ना रं."

आम्ही तिघांनीही ऐकला! भावोजी तडक ओसरीवर आले आणि वर्तमानपत्र उघडून बसले. डोक्यावरचा दिवा — टक्. खटक्यापाशी चिटपाखरू नाही! त्यांनी लावला. पुन्हा टक्. माजघरात गेले, तिथेही तेच. मी शेजारी उभा राहिलो तर दिवा जळायचा, बाजूला झालो की मालवायचा. भावोजींचा कायदा कुणीतरी भावोजींनाच लावत होतं!

"अरे, मी आहे ना इथे? आहे ना मी?" ते घामाघूम होऊन मलाच विचारू लागले.

"चिमटा काढून बघू का?" मी वाह्यातपणे म्हणालो. हसलं कोणीच नाही... मीसुद्धा.

आक्का मागच्या खोलीत गेली. गोळा लागेना, तेव्हा तिने समई लावली. "आजी, चुकलं आमचं. बसा तुम्ही निवांत." दहाव्यापर्यंत ती समई तिने जागती ठेवली. इकडे भावोजींच्या डोक्यावरचे दिवेही नीट जळू लागले. वायरमनने सगळे खटके उघडून पाहिले. दोष काही सापडला नाही.

संपलं, असं आम्ही धरून चाललो.

गेल्या दिवाळीत तिन्हीसांजेला भावोजी आणि मी त्याच ओसरीवर बसलो होतो. माझी गोष्ट ऐन रंगात आली, आणि...

टक्.

आक्का आतून धावत आली, भावोजींचा हात धरून खाली बसली. दिवा आपोआप लागला. भावोजी पांढरेफटक पडले होते. "काही नाही हो, मी आहे," ती त्यांना म्हणत होती. पण टक लावून बघत होती माझ्याकडे.

कारण दिवा गेला, तेव्हा भावोजी एकटे नव्हते. मी त्यांना अगदी खेटून बसलो होतो.

वाचकहो, याचा अर्थ मला अजून लागलेला नाही. तुम्हाला लागलाच, तर कृपा करून मला कळवू नका.