परिमळसम्राट आणि रंगोजी अण्णा

कागद हातात आला की रंगोजी अण्णा आधी खिशातून टिकल्यांचं पाकीट काढत आणि मजकुरात मालाचं नाव असेल तिथे एकेक टिकली चिकटवत. टिकल्या बायकोच्या. "अक्का घरी शोधत असतील," असं मी म्हटलं, तर म्हणाले, "शोधू दे. तिला टिकलीविना ओळखतो मी."

नव्वदीच्या दशकात बंगळूरच्या एका जाहिरात कचेरीत मी पुण्याहून तीन महिन्यांच्या बोलीवर लागलो होतो. इथल्या उदबत्त्या महाराष्ट्रात जात, आणि तिकडच्या प्रत्येक दुकानदाराला खास आपल्यासाठी लिहिलेलं पत्रक हवं असे. त्यामुळे एकच मजकूर आम्ही वीस तऱ्हांनी लिहायचो. सांगलीला 'मंद सुवास' गेला की सोलापूरला 'हळुवार दरवळ' जाई. अण्णांच्या घराण्याने महाराष्ट्र सोडून तीनशे वर्षं झाली होती, तरी मराठी शब्द त्यांच्याकडे माझ्यापेक्षा जास्त. पुणेकर म्हणून मला ते झोंबायचं.

"शब्द किती बी बदल, नावाला हात लावू नको," ते टिकलीवर बोट ठेवून बजावत. "बारसं कंपनीनं केलंय. आपण आत्या व्हायला जायचं न्हाई."

माझी मुदत संपत आली होती. एका दुपारी अण्णा दाढ दुखते म्हणून घरी गेले आणि कोल्हापूरचं पत्रक मी एकट्याने लिहिलं. जुना एकही शब्द ठेवायचा नाही या ईर्ष्येने 'सुगंधराज' या उदबत्तीच्या नावाचंही 'परिमळसम्राट' केलं आणि खुशीत दोनदा मोठ्याने वाचलं. पत्रकं वाटली गेली. मग दुकानदाराने कळवलं की गिऱ्हाइकं परिमळसम्राटच मागतात आणि सुगंधराज दिली तर नक्कल म्हणून परत करतात.

मालकांना मराठी वाचता येत नव्हतं, पण ओरडता चांगलं येई. हे कोणी लिहिलं, असं त्यांनी विचारलं. माझी नोकरी गेल्यातच जमा होती.

"मी," अण्णा म्हणाले. "दाढदुखीच्या भरात."

अण्णांना काढणं मालकांना परवडणारं नव्हतं. त्यांनी अण्णांवर नजर ठेवायला मला कायम केलं, आणि अण्णांचा प्रत्येक कागद माझ्या सहीशिवाय छापखान्यात जाणार नाही, असा हुकूम काढला.

निवृत्तीपर्यंत चार वर्षं अण्णा रोज संध्याकाळी माझ्या टेबलापुढे उभे राहिले. बसा म्हटलं तरी बसत नसत. मालकांना खरं सांगतो म्हटलं की म्हणत, "स्वल्प थांब. आधी लग्न कर." लग्न झालं, मुलगी झाली, सांगायचं राहिलं. खरं म्हणजे मी भित्रा होतो.

शेवटच्या दिवशी मी न वाचताच सही केली. अण्णांनी कागद परत सरकवला. "वाच की रे. पगार तपासायचा घेतोस."

मी ओळ न ओळ वाचली. एखादी तरी चूक सापडावी, असं त्या दिवशी फार वाटलं. ती मी माझ्या नावावर घेतली असती.