माळ्यावरचं पीप

आर्जियामावशीला कुणाची आजी व्हायची हौस नव्हती. म्हणजे ती खरोखरची आजी होतीच. तोरिनोला तिची नात होती, एका दंतवैद्याकडे कामाला, नाताळला न चुकता फोन करणारी. पण रिपारोस्साच्या दगडी घरात पांढरा एप्रन बांधायचा आणि व्हॅनमधून उतरणाऱ्या परक्या माणसांची आजी व्हायचं, हे तिला मनापासून कधीच पटलं नाही. तरी कित्येक हंगाम ती झाली. आणि पैशासाठी नाही झाली.

आमची पर्यटकांची व्हॅन सकाळी इटलीतल्या सिएनाहून सुटते. दुच्चो चालवतो, मी बोलते. आठ पाहुणे, त्याहून जास्त नाहीत. एका टेकडीवरच्या गावात चीज, दुसऱ्या टेकडीवरच्या गावात चर्च आणि तळघरातली लाल वाइन, आणि दुपारी जेवायला रिपारोस्सा. त्याआधी आमच्या गावच्या चौकात क्षणभर थांबून आर्जियामावशीला घ्यायचं. ती पुढे दुच्चोशेजारी बसायची, डोक्याला रुमाल, पाहुण्यांकडे पाठ. घराच्या अलीकडच्या वळणावर उतरायची आणि मागच्या दाराने आत. पाहुणे पुढच्या दाराशी पोचेपर्यंत ही एप्रनमध्ये, हाताला पीठ, हसरा चेहरा. एन्ट्री अशी की मी नाटकाच्या शाळेतही पाहिली नव्हती.

"काय मावशी, आज कणीक मळून झाली?" परतताना दुच्चो हमखास डिवचायचा.

"कसली कणीक! वकिलाने बशीत पीठ काढून ठेवलेलं असतं. चर्चच्या दारातल्या पवित्र पाण्यासारखं. बोटं बुडवायची नि पुढे जायचं."

एकदा एका बाईने तिला ओळखलं. "ही तर मघाशी आपल्या गाडीत होती!"

"ती हिची जुळी बहीण," दुच्चो शांतपणे म्हणाला. "दोघी एकमेकींशी बोलत नाहीत. विचारू नका, घरचं भांडण आहे."

वकील म्हणजे मिलानचे लांद्रियानी. जुन्या जमीनदाराच्या वारसांकडून त्यांनी घर, वेली, सगळं विकत घेतलं. माणूस गोड बोलणारा, दर नाताळला आर्जियामावशीसाठी मिलानहून केक आणणारा. तिची वाक्यंही त्यांनीच बसवून घेतली होती. ती तिच्या बोलीत म्हणायची आणि मी इंग्रजीत करायची: "माझ्या पणजोबांनी हा वेल लावला. तेव्हापासून हे घर आमचं, ही माती आमची."

त्यातलं पहिलं वाक्य खरं होतं. वेल पणजोबांनीच लावला होता, पण दुसऱ्याच्या मातीत. आर्जियामावशीचं घराणं पिढ्यान्‌पिढ्या जमीनदाराची जमीन अर्ध्या वाट्याने कसणारं. अर्धा गहू त्याचा, अर्धं तेल त्याचं, अर्धी वाइन त्याची. वर नाताळला कोंबडे, ईस्टरला अंडी, आणि त्याच्या घरची धुणी. मावशी जन्मली याच घरात, गोठ्यावरच्या खोलीत. ती पंधरा-सोळाची असताना ती पद्धत मोडली, माणसं कारखान्यांकडे गेली आणि यांनाही घर सोडावं लागलं.

जाताना घराला जे चिकटलेलं ते घरातच ठेवायचं, असा करार. माळ्यावरची पिपंही. इकडे गोड वाइन करतात ती माळ्यावर होते. द्राक्षं आढ्याला टांगून सुकवायची, हिवाळ्यात पिळायची, रस छोट्या पिपात भरून वर मेण-सिमेंटने तोंड बंद. मग उन्हाळ्याचा ताव आणि हिवाळ्याचा गारठा काय करायचं ते करतात, वर्षानुवर्षं. पण नुसत्या रसाने ते होत नाही. आधीच्या पिपाच्या तळाचा जाड, काळपट गाळ त्यात घालावा लागतो. दह्याच्या विरजणासारखा. घराण्याचं विरजण एकदा तुटलं की तुटलं, बाजारात मिळत नाही. मावशीच्या आईने ते दुधाच्या किटलीत घातलं, वर दूध ओतलं आणि जमीनदाराच्या कारकुनासमोरून घेऊन गेली.

पुढे ते दोघी मायलेकींनी पाद्रीबाबांच्या माळ्यावर जपलं. आईच्या मयताला त्यातलंच पीप फोडलं. कारण यांच्यात रीतच तशी: घरातली म्हातारी गेली की तिच्या नावाचं पीप उघडायचं, खांदा द्यायला आलेल्यांना एकेक छोटा पेला, आणि तळाचं विरजण पुढच्या बाईच्या हाती. मग पाद्रीबाबांचं छप्पर नवं झालं, माळ्याला गादीसारखं अस्तर लागलं, आणि तिथे ऊन-वारा शिरेनासा झाला. आपल्या चौथ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये मावशीने एकदा वाइन करून पाहिली, तर व्हिनेगर झालं.

नेमकं तेव्हाच लांद्रियानी वकील चौकात आजी शोधत आले.

"मी येते," आर्जियामावशी म्हणाली. "पगार काय द्यायचा तो द्या. पण माझं एक पीप तुमच्या माळ्यावर राहील. मी जाईपर्यंत कुणी हात लावायचा नाही."

"एवढंच?" वकील हसले. हातात हात देऊन ठरलं. पीप आपल्या जुन्या जागी, त्याच आढ्याखाली गेलं. म्हणून ती आजी झाली.

एका सप्टेंबरात कॅनडाची एक निवृत्त शिक्षिका आली होती. जेवणानंतर तिने सहज विचारलं, "आजी, लहानपणी तुमची खोली कोणती होती?"

मी प्रश्न सांगितला. याचं उत्तर बसवलेलं नव्हतं. आर्जियामावशीने माझ्याकडे पाहिलं, मग दारात बाटली घेऊन उभ्या असलेल्या वकिलांकडे.

"गोठ्यावरची," ती म्हणाली. "खाली बैल, वर आम्ही. बैलांची ऊब यायची, म्हणून मेलो नाही. सांग तिला, पोरी. हे घर आमचं कधीच नव्हतं. माझा बाप या दारात टोपी काढून उभा राहायचा, पावसातसुद्धा, आत बोलावत नव्हते म्हणून. सांग."

मी सांगितलं. मग तिने अर्धा वाटा सांगितला, कोंबडे सांगितले, किटली सांगितली. आवाज चढवला नाही. शिक्षिका रडायला लागली. शेजारचा दाढीवाला गृहस्थही. आणि मग सगळे उठून टाळ्या वाजवायला लागले. त्या दुपारी घरातली वाइन खोकी भरभरून विकली गेली.

वकिलांनी तिला स्वयंपाकघरात गाठलं. मला वाटलं, झालं, संपलं.

"आर्जियाबाई! हे इतके दिवस का नाही सांगितलंत?"

"तुम्ही विचारलं नाहीत."

"अप्रतिम. उद्यापासून हेच."

"हेच म्हणजे?"

"हेच सगळं. फक्त किटलीपाशी आलात की जरा थांबा. एक श्वास घ्या. मग पुढे."

परतताना तिने डोक्याचा रुमाल सोडून मांडीवर घेतला.

"पोरी, त्याला राग नाही आला," ती म्हणाली.

"नाही आला."

"माझ्या सात पिढ्यांत पहिल्यांदा कुणी या घरात तोंड उघडलं. मला वाटलं, आज हाकलतोय. तर म्हणतो, उद्या पुन्हा उघडा. जेवणानंतर."

"मग उद्या येऊ की नको चौकात?" दुच्चोने विचारलं.

"ये बाबा. पीप वर आहे ना माझं."

आठवडाभरात फडताळावर एक गंजकी किटली आली. वकिलांनी ती जुन्या बाजारातून आणली होती. पाहुणे तिचे फोटो काढायचे. आणि गोष्ट संपली की दरवेळी कुणीतरी विचारायचंच, "मग ते विरजण आता कुठंय?" मावशी डोळे छताकडे न्यायची, आणि तिच्याबरोबर सगळं टेबल वर बघायचं. वकीलही.

"एकदा फोडूया का ते पीप?" त्यांनी हंगामाच्या शेवटी विचारलं. "लोक वेडे होतील."

"वकीलसाहेब, ते माझ्या मयताचं आहे."

"तुम्ही शंभरी गाठणार, आर्जियाबाई!"

"गाठीन. मग शंभराव्या वर्षी फोडा."

ते हसले. हिवाळ्यात घर बंद असतं. पुढच्या एप्रिलात पहिली फेरी घेऊन आम्ही गेलो. आर्जियामावशी नेहमीच्या वळणावर उतरली, मागच्या दाराने आत गेली. मी पाहुण्यांना घेऊन पुढून शिरले, तर ती खोलीच्या मधोमध उभी. एप्रन बांधलेला, हात कोरडे. समोर टेबलावर तिचं पीप. वरची फळी काढलेली, आत माती भरून लाल जिरेनियम लावलेले. भोवती छोट्या बाटल्या मांडलेल्या, प्रत्येकीवर मावशीचा हसरा फोटो, खाली नाव आणि जन्मसाल.

"सरप्राइज!" वकील म्हणाले. मग हलक्या आवाजात, "माळ्यावर पाहुण्यांसाठी दोन खोल्या काढल्यात. पीप तिथे राहिलं असतं तर फुटलं असतं. वाया जाण्यापेक्षा वाइन बाटल्यांत भरून घेतली. काय चव आहे हो! हा तुमचाच मान आहे."

"तळाशी होतं ते?"

"तळाशी? तो चिखल होय? कामगारांनी गरम पाण्याने धुतलं. पुन्हा पुन्हा. वासच जाईना."

किटलीची गोष्ट या माणसाने रोज ऐकली होती. तिच्या बोलीत आणि माझ्या इंग्रजीत. श्वास कुठे घ्यायचा, तेही त्यानेच सांगितलं होतं.

आर्जियामावशीने एक बाटली उचलली. फोटोवरून अंगठा फिरवला. "आमच्याकडे नावासकट फोटो चिकटतो तो चौकातल्या भिंतीवर," ती म्हणाली. "आणि तो माणूस गेल्यावर."

पाहुणे खुर्च्या ओढून बसले होते. वकिलांनी तिला खूण केली: चला, सुरू करा.

"दुच्चोला बोलाव," ती मला म्हणाली.

दुच्चो व्हॅन सोडून कधी आत येत नसे. आला, पीप पाहिलं, आणि टोपी काढून हातात धरली.

"मला खांदा देणार होतास ना तू?"

"हो, मावशी."

"मग पहिला पेला तुझा."

तिने ओतला. मग मला. मग एकेका पाहुण्यासमोर जाऊन, दोन्ही हातांनी पेला पुढे करून, मयताच्या घरी म्हणतात तेच प्रत्येकाला म्हणाली: "आलात, बरं झालं. तिला एकटं जावं लागलं नाही." मी ते इंग्रजीत करत राहिले. वकिलांनाही दिला, तसाच, दोन्ही हातांनी. शेवटी तळहाताएवढा पेला स्वतःला भरून उभ्याउभ्या प्याली.

टाळ्या झाल्या. एका तरुण मुलीने डोळे पुसत मला विचारलं, "त्यांना पुन्हा एकदा करायला सांगाल का? माझं रेकॉर्डिंग सुरूच नव्हतं झालं."

हे मी उलटं तिच्या बोलीत आणलं नाही. मावशीला ते कळलं असावं. तिने एप्रनची गाठ सोडली, नीट घडी केली, जिरेनियमवर ठेवली आणि पहिल्यांदाच पुढच्या दाराने बाहेर पडली.

व्हॅनमध्ये दुच्चोने चावी लावली नाही. "मावशी," त्याने हळूच विचारलं, "कशी झाली होती?"

"चांगली झाली होती," ती म्हणाली. "अजून दोनेक वर्षं हवी होती. मलाही."

ती पुन्हा गेली नाही. वकिलांनी केक पाठवला, तिने तो चौकातल्या कबुतरांना घातला. जूनपर्यंत नवी आजी आली. पेरुजाकडची आहे, हौशी नाटकांत कामं केलेली, पाठांतर पक्कं. गोठा, टोपी, कोंबडे, किटली, सगळं म्हणते. बाटल्या संपल्या, लेबलं नवीन छापली. फोटो तिचा, वाइन कुठलीशी. मी इंग्रजीत करते.

परवा पाहुणे चौकातल्या विहिरीचे फोटो काढत होते, तेव्हा मी आर्जियामावशीच्या बाकावर जाऊन टेकले. ती शेंगा सोलत होती.

"ती किटलीपाशी थांबते का?" तिने वर न बघता विचारलं.

"थांबते."

"आणि मग?"

"मग रडते."

मावशीने दोन-तीन शेंगा सोलल्या. दाणे हाताने सारखे केले.

"मी कधी रडले नव्हते."

"नाही, मावशी."

"मग लोकांना तिचीच गोष्ट खरी वाटत असेल," ती म्हणाली आणि टरफलं कागदात गुंडाळायला लागली.