काडेपेटीतलं सोनं

रताळ्याच्या पानावर सोन्याचा एक थेंब बसलेला असायचा... मसुराच्या दाण्याएवढा, कडेला काचेसारखी पारदर्शक झालर, आणि बोट जवळ नेलं की पाय आत ओढून पानाला घट्ट चिकटणारा. तिकोणा पेठेत, गडाखालच्या आमच्या गावात, घरामागच्या वेलांवर श्रावणात हे सोनकिडे यायचे, पानांची चाळण करायचे, आणि त्यांना काडेपेटीत घालून मिरवणं हीच आम्हा मुलींची दागिन्यांची हौस.

माझ्या धाकट्या बहिणीला, मंदाला, असा एक सापडला. आईबरोबर दोन दिवस मामाकडे जाताना ती काडेपेटी माझ्या हवाली करून गेली, आणि मी मूर्खासारखी तिची राखण केली — ताजी पानं घातली, शाळेतही दप्तरातून नेली. गंधकाचा आणि चुरगळलेल्या पानांचा तो ओलसर वास अजून नाकात आहे. मंदा आली, तिनं पेटी उघडली, तर आत एक मेलेला, मातकट किडा.

"अक्कानं माझा सोन्याचा घेतला आन् दुसराच ठिवला," म्हणत तिनं घर डोक्यावर घेतलं. मेल्यावर या किड्याचं सोनं विझतं, हे मला तरी तेव्हा कुठं ठाऊक होतं? मी शपथा घेतल्या, रडले. आबा, आमचे वडील, मारत नसत, एवढंच म्हणाले, "किडा घेतला त्याचं काय न्हाई पोरी, पर खोटं बोलू नगंस."

ते वाक्य जन्मभर मला चिकटलं. लोणच्याची बरणी फुटलेली असो की गणिताचे मार्क सांगायचे असोत, मी तोंड उघडलं की आबा आधी मंदाकडे बघायचे — खरं आहे का, या अर्थानं. नुसता वैताग यायचा. एका किड्यापायी! मंदा लग्न होऊन सुदुंबऱ्याला गेली, आबा शेवटची वर्षं तिच्याकडेच राहिले आणि तिथंच गेले, तरी दर दिवाळीला फराळाचं ताट पुढे करत ती विचारायचीच, "अक्का, सोन्याचा कुटं ठिवलास गं?"

पेठेतल्या वेलांच्या जागी आता बंगल्यांची हिरवळ आहे... पण यंदा तळेगावात माझ्या कुंपणावरच्या, रताळ्याच्याच कुळातल्या गारवेलीवर अचानक एक सोनकिडा दिसला. साठीला टेकलेली मी तो काडेपेटीत घालून तडक सुदुंबऱ्याला गेले, मंदाला जिवंत, झळझळता दाखवला आणि म्हटलं, "तुझ्या कपाटात ठेव, रोज पानं घाल. किल्ली तुझ्याच कमरेला राहू दे."

आठव्या दिवशी तिचा फोन आला. म्हणाली, "मातीवानी झालाय गं." आणि वर, "तवाच नीट सांगायचं न्हाई व्हय?" पन्नास वर्षं सांगत होते मी, आणखी कसं सांगायचं असतं?

मी गेले. तिनं काडेपेटी आबांच्या फोटोपुढे उघडी ठेवली होती. त्या फोटोत त्यांची नजर समोर नाही, जराशी डावीकडे आहे, आणि मंदा नेमकी तिथंच उभी होती.

"आबा, मी घेतला नव्हता," मी म्हटलं.

आबा नेहमीसारखे मंदाकडे बघत होते. तिनं मान हलवली — खरं आहे.